२१ वर्षं रोजंदारीवर, आता म्हणतात एजन्सीच्या फॉर्मवर सही करा

जावक_टेबल (धागाकर्ती)

नमस्कार मंडळी. मी नागपूरची. एका सरकारी कार्यालयात टंकलेखनाचं काम करते. कार्यालयाचं नाव लिहीत नाही, समजून घ्या.

पोळ्याच्या आदल्या आठवड्यात मला पहिली ऑर्डर मिळाली, साल २००४. ८९ दिवसांची. बडे बाबू म्हणाले, "काम नीट करा, पुढे पाहू." नव्वदाव्या दिवशी खंड, एक्याण्णवाव्या दिवशी नवी ऑर्डर. तेव्हापासून आजपर्यंत हेच चाललंय. माझी मुलगी तेव्हा दीड वर्षाची होती, आता तिचं एम.एस्सी. झालं.

काम म्हणजे आवक-जावक, टंकलेखन, बिलं तयार करणं आणि डिसेंबर आला की अधिवेशन. बाहेरच्या लोकांना कल्पना नसेल, पण हिवाळी अधिवेशनाच्या दिवसांत इथल्या कार्यालयांना घरी जायची वेळ नसते. तारांकित प्रश्न दुपारी येतो आणि उत्तर संध्याकाळी हवं असतं. एका वर्षी माझा खंड नेमका त्याच आठवड्यात आला. साहेब म्हणाले, "मस्टरवर सही करू नका, पण या." मी गेले. रात्री साडेदहापर्यंत टाइप करत होते. त्यात एक प्रश्न रिक्त पदांचा होता. आमच्या कार्यालयाचा तक्ता मीच टाइप केला. लिपिक-टंकलेखक : मंजूर इतकी, भरलेली इतकी, रिक्त दोन. त्या दोन रिक्त खुर्च्यांपैकी एका खुर्चीत बसून मी तो तक्ता टाइप करत होते.

शेजारच्या टेबलावर कायम लिपिक आहे. गुणी मुलगा आहे, त्याच्याबद्दल माझी तक्रार नाही. काम त्याला मीच शिकवलं. सातव्या वेतन आयोगात त्याची श्रेणी १९,९०० ते ६३,२००, वर महागाई भत्ता, घरभाडे. माझ्या हातात सगळं मिळून १३,८०० येतात. खंडाच्या दिवसाचे पैसे कापून.

मागच्या सोमवारी तोंडी सांगितलं की पुढच्या महिन्यापासून तुम्ही एजन्सीमार्फत. फॉर्म दिला. त्यात 'नियुक्तीचा दिनांक' या रकान्यात पुढच्या महिन्याची १ तारीख आधीच छापलेली. म्हणजे २१ वर्षं गेली कुठे? सही केली नाही तर १ तारखेपासून येऊ नका म्हणतात. घरी मी एकटी कमावते.

सही करावी का? आणि मी मागतेय ते हक्काचं आहे की मेहेरबानीचं, हेही कोणी नीट सांगा. कारण कार्यालयात विचारलं की एकच शब्द ऐकवतात, "उमादेवी".

झिरो_माईल

ताई, घाईत सही करू नका. आधी एक कोरा कागद घ्या, "मी २००४ पासून काम करत आहे, एजन्सीमार्फत नवी नियुक्ती मला मान्य नाही, सध्याच्याच सेवेत चालू ठेवावे" एवढंच लिहा. आवक शाखेत द्या आणि दुसऱ्या प्रतीवर शिक्का, तारीख, क्रमांक घ्या. तोंडी सांगितलेलं उद्या कोणी कबूल करत नाही.

पेंचकाठ

ताई, माह्या बापाची गोष्ट सांगतो. बाप वनमजूर होता. वणवा पसरू नये म्हणून जाळरेषा कापणं, रोपवन राखणं, वणवा लागला का रात्री-बेरात्री धावणं. जंगलात राहून राहून त्याले घरापेक्षा जंगलातलं आपलं बीट जास्त माहीत.

सरकारनं ३१ जानेवारी १९९६ ले जीआर काढला. १ नोव्हेंबर १९८९ ते ३१ ऑक्टोबर १९९४ या पाच वर्षांत दरवर्षी २४० दिवस भरले त्याले कायम करायचं. बापाचे चार वर्षं भरले. पाचव्या वर्षी मस्टरवर २११ निघाले. काहून? उन्हाळ्यात जाळरेषेचं काम व्हाउचरवर झालं होतं, अन् व्हाउचर दुसऱ्याच्या नावानं. बाप आंगठेबहाद्दर, त्याले काय समजते व्हाउचर! २९ दिवसांपायी माणूस राहून गेला.

मंग दुसरा जीआर आला १६ ऑक्टोबर २०१२ ले. त्यात पुढच्या वर्षांचा हिशोब धरला अन् बाप लागला. तवा वय ५४. सहा वर्षं कायम राहिला न् रिटायर झाला. पेन्शन नाही, कारण १ नोव्हेंबर २००५ नंतर लागलेल्याले जुनी पेन्शन नाही. बाप जंगलात होता १९८६ पासून.

म्हणून सांगून राहिलो ताई, कागद सांभाळा. आमच्या घरी रडलो तो कागदापायी रडलो.

वऱ्हाडी_माय

पेंचकाठ भाऊ, वाचून डोळ्यात पाणी आलं.

काळा_कोट

धागाकर्त्या ताईंसाठी सविस्तर लिहितो. मी कामगार आणि सेवाविषयक प्रकरणं चालवतो. इथे लिहिलेलं वाचून दावा ठोकू नका, कागद घेऊन प्रत्यक्ष वकिलाकडे जा. पण ज्या शब्दाची भीती घालतात तो आधी समजून घ्या.

उमादेवी हा १० एप्रिल २००६ चा सर्वोच्च न्यायालयाचा निकाल, पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाचा. मागच्या दाराने नेमलेल्याला केवळ तो बरीच वर्षं राहिला म्हणून कायम करता येणार नाही, असं त्यात आहे. कार्यालयं एवढंच वाचतात. त्याच निकालाच्या परिच्छेद ५३ मध्ये दुसरी बाजू आहे. नेमणूक 'अवैध' असणं वेगळं आणि 'अनियमित' असणं वेगळं. पद मंजूर आहे, माणूस पात्र आहे, फक्त निवडीची पद्धत पूर्ण पाळली गेली नाही, आणि न्यायालयाच्या आदेशाच्या आधाराशिवाय त्याने दहा वर्षं काम केलं, तर सरकारने एकवेळची बाब म्हणून त्याला नियमित करावं. २०१० च्या केसरी निकालात न्यायालयाने पुढे सांगितलं की पात्र असलेल्या प्रत्येकाचा विचार होईपर्यंत ती 'एकवेळ' संपत नाही.

ताई, खरं सांगायला हवं. २००६ मध्ये तुमची दोन वर्षंही झाली नव्हती. त्यामुळे ५३ परिच्छेद तुम्हाला सरळ लागू होत नाही. तुमचा आधार अलीकडच्या निकालांत आहे.

२० डिसेंबर २०२४ चा जग्गो विरुद्ध भारत सरकार. केंद्रीय जल आयोगाच्या कार्यालयात वर्षानुवर्षं झाडलोट आणि तशीच कामं करणारी माणसं एका फटक्यात काढली होती. न्यायालयाने त्यांना परत घेऊन नियमित करायला सांगितलं. काम कायमस्वरूपी आहे, पण कागदावर माणूस तात्पुरता, ही पद्धत न्यायालयाने नापसंत केली. आणि तुमच्या दृष्टीने सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे, त्यांना काढून तेच काम बाहेरच्या एजन्सीला दिलं होतं; काम कायमचं लागतं याचा तो पुरावाच धरला गेला. ३१ जानेवारी २०२५ ला गाझियाबादच्या महापालिकेतल्या माळ्यांच्या श्रीपाल प्रकरणात पुन्हा कामावर घेण्याचा आणि मधल्या काळाचं निम्मं वेतन देण्याचा आदेश झाला. १९ ऑगस्ट २०२५ ला धरमसिंग प्रकरणात उत्तर प्रदेशातल्या उच्च शिक्षण सेवा आयोगातले रोजंदार २४ एप्रिल २००२ पासून नियमित झाले. पैशांची चणचण हे कारण कायम पुढे करता येणार नाही, सरकार हा घटनेने बांधलेला मालक आहे, असा त्या निकालाचा गाभा आहे.

आता पगाराचं. कायम होणं हा एक हक्क आणि समान कामाला समान वेतन हा वेगळा. दुसऱ्यासाठी पहिला मिळेपर्यंत थांबायची गरज नाही. २६ ऑक्टोबर २०१६ चा पंजाब सरकार विरुद्ध जगजितसिंग हा निकाल वाचा. कायम माणसाचंच काम तात्पुरता माणूस करत असेल, तर त्याला निदान त्या पदाच्या वेतनश्रेणीचा किमान टप्पा द्यावा लागतो. त्या खंडपीठात न्यायमूर्ती खेहर यांच्यासोबत न्यायमूर्ती शरद बोबडे होते. आपल्या नागपूरचे, इथल्याच खंडपीठात वकिली केलेले. तुमच्या बाबतीत किमान टप्पा म्हणजे १९,९००. थकबाकी मात्र न्यायालयं साधारणपणे दाव्याआधीच्या तीन वर्षांपुरतीच देतात. म्हणजे जितका उशीर कराल तितके महिने हातचे जातील.

कुठे जायचं हे तुमचं पद कुठल्या आस्थापनेवर आहे त्यावर ठरेल. राज्य शासनाची नागरी सेवा असेल तर प्रशासकीय न्यायाधिकरण, त्याचं खंडपीठ नागपुरात आहे. 'उद्योगा'त मोडणारं खातं असेल तर औद्योगिक न्यायालय. महाराष्ट्राच्या १९७१ च्या कायद्यात, ज्याला आम्ही पल्प म्हणतो, अनुसूची ४ मधली बाब ६ अशी आहे की कायम कामगाराचे फायदे मिळू नयेत या हेतूने माणसाला वर्षानुवर्षं 'बदली', म्हणजे दुसऱ्याच्या जागी आलेला, किंवा तात्पुरता म्हणून ठेवणं ही अनुचित प्रथा आहे. उमादेवीमुळे औद्योगिक न्यायालयांचे हे अधिकार गेले नाहीत, हे सर्वोच्च न्यायालयाने २००९ मध्ये एसटीच्या कास्ट्राईब संघटनेच्या प्रकरणात सांगितलंय. २१ नोव्हेंबर २०२५ पासून केंद्राच्या नव्या कामगार संहिता लागू झाल्यात, तेव्हा कुठल्या कलमाखाली जायचं ते वकिलाला विचारूनच ठरवा.

एक प्रश्न, ताई. २००४ मध्ये तुमचं नाव त्या कार्यालयात गेलं कसं? ओळखीने, की कुठून बोलावणं आलं होतं?

अभ्यासिका_४४

मी थोडं कडू लिहिणार आहे, ताईंनी वैयक्तिक घेऊ नये.

मी तीन वर्षं अभ्यासिकेत बसतोय. मे महिन्यात टिनाच्या छताखाली. सरळसेवेच्या एका अर्जाची फी हजार रुपये, परीक्षा केंद्र कुठेतरी दोनशे किलोमीटरवर. तुम्ही ज्या दोन रिक्त जागा टाइप केल्यात त्यांच्या जाहिरातीची वाट आम्ही बघतो. तुम्हाला सामावून घेतलं तर ती जाहिरात कधीच निघणार नाही. संविधानाच्या कलम १६ मध्ये समान संधी सगळ्यांना आहे, ज्याला आत शिरता आलं त्यालाच नाही. शिवाय ती जागा आरक्षणाच्या बिंदूवर असेल तर त्या प्रवर्गातल्या उमेदवाराचं काय?

जावक_टेबल

भाऊ, राग नाही. तुमच्याच वयाची पोरगी घरात अभ्यास करते. ती हाच प्रश्न मला विचारते.

फक्त एक सांगते. २१ वर्षांत त्या दोन जागांची जाहिरात निघाली असती तर मी पहिल्या दिवशी अर्ज भरला असता. तेव्हा माझं वय बसत होतं. आता बसत नाही.

जुना_लेखापाल

अभ्यासिका भाऊ, तुमचा प्रश्न रास्त आहे आणि त्याचं उत्तर अर्थसंकल्पाच्या पुस्तकात आहे. मी ३४ वर्षं बिलं तपासली, म्हणून सांगतो.

प्रत्येक लेखाशीर्षाच्या शेवटी खर्चाचं उद्दिष्ट असतं. ०१ म्हणजे वेतन. ०२ म्हणजे मजुरी. १० कंत्राटी सेवा, १३ कार्यालयीन खर्च. कायम लिपिकाचा पैसा ०१ मधून निघतो. त्याच्या मागे वेतनवाढ, भत्ते, रजा, निवृत्तिवेतन असं सगळं लांबचं ओझं असतं. तोच लिपिक ०२ मधून घेतला की ओझं शून्य. एजन्सीकडून घेतला की तो १० मध्ये जातो, आणि मग तो कार्यालयाच्या हिशोबात माणूसच राहत नाही, सेवा होतो. काही ठिकाणी तर १३ मधून, झेरॉक्सच्या कागदाच्या आणि फिनाईलच्या बिलासोबत माणसाचे पैसे निघालेले मी पाहिले आहेत. मी त्या बिलांवर सह्या केल्या. ते मनातून जात नाही.

तर ०२ मध्ये काम भागतंय तोवर ०१ मधलं पद भरायची निकड कोणाला वाटणार? तुमची जाहिरात ताईंनी अडवलेली नाही. ताईंना १३,८०० मध्ये राबवता येतं म्हणून ती निघाली नाही. ताईंना १९,९०० द्यायला लागले असते तर दुसऱ्या दिवशी पद भरायचं मागणीपत्र गेलं असतं. ६ सप्टेंबर २०२३ चा बाह्यस्रोतातून भरतीचा जीआर आठवतो ना? तेव्हा अभ्यासिकांमधली पोरंच रस्त्यावर होती, आणि ऑक्टोबरमध्ये तो रद्द करावा लागला. ताईंच्या हातातला फॉर्म त्याच जातीचा आहे.

दुसरी गोष्ट तारखेची, पेंचकाठ भाऊंनी तिला हात लावलाच आहे. ताई, तुम्ही २००४ च्या. जुनी पेन्शन १ नोव्हेंबर २००५ च्या आधी लागलेल्यांना. तुम्हाला नियमित केलं, पण आजच्या तारखेपासून केलं, तर निवृत्तीला हातात फारसं काही पडणार नाही. म्हणून मागणी करताना 'मूळ नियुक्तीच्या दिनांकापासून' हे शब्द अर्जात हवेतच. १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतला नियम ५७ वकिलाला दाखवा. आकस्मिक खर्चातून पगार घेणाऱ्याचं पद पुढे नियमित आस्थापनेवर आलं, तर आधीची सलग सेवा निम्मी धरावी अशी तिथे टीप आहे. सार्वजनिक बांधकाम आणि पाटबंधाऱ्यातले जुने लोक कालेलकर करारामुळे पाच वर्षांनी रूपांतरित आस्थापनेवर यायचे, सीआरटी म्हणायचे त्याला. म्हणजे रोजंदारालाही वाट काढून देता येते, हे या राज्याने फार पूर्वी करून दाखवलंय.

अभ्यासिका_४४

लेखापाल काका, ०२ आणि ०१ चं हे मला माहीत नव्हतं. माझं मत पूर्ण बदललं नाही. पण ताईंनी फॉर्मवर सही करू नये, हे पटलं.

सोमवारी_पेठ

माझी आई अंगणवाडीत. मानधन म्हणायचे, पगार नाही म्हणायचे, म्हणून ग्रॅच्युइटी नाही म्हणायचे. २५ एप्रिल २०२२ ला सर्वोच्च न्यायालयाने गुजरातच्या प्रकरणात अंगणवाडी सेविका-मदतनिसांना ग्रॅच्युइटीचा कायदा लागू होतो असं सांगितलं. 'मानधन' म्हटल्याने काम हलकं होत नाही.

नागपूर महापालिकेतले ऐवजदार आठवा. ऐवजदार म्हणजे कुणाच्या तरी ऐवजी आलेला. पण तो 'ऐवज' वीस-वीस वर्षं चालला. वीस वर्षं भरलेल्यांना कायम करायचं ठरलं, त्याआधी किती जण झाडू हातात असतानाच म्हातारे झाले. माझे मामा त्यातले एक.

धरमपेठकर

एजन्सीमार्फत काम करणारे इथे असतील तर त्यांनीही ऐकावं. एजन्सी भविष्य निर्वाह निधी कापते पण भरते का, ते यूएएनवर, म्हणजे तुमच्या पीएफ क्रमांकावर, दर महिन्याला पाहा. भरला नसेल तर मूळ नियोक्ता, म्हणजे ते सरकारी कार्यालय, त्याला जबाबदार असतं. रघुजीनगरच्या पीएफ कार्यालयात अर्ज देता येतो. आम्ही आठ जणांनी दिला, चौदा महिन्यांचे पैसे जमा झाले.

जावक_टेबल

सगळ्यांची आभारी आहे. सही केली नाही. झिरो_माईल यांनी सांगितलं तसं निवेदन दिलं, आवकचा शिक्का घेतला. शिक्का माझ्याच टेबलावरचा, पण मी स्वतः मारला नाही, शेजारच्या मुलाकडून मारून घेतला. त्याने काही न बोलता मारला.

काळा_कोट सर, तुमच्या प्रश्नाचं उत्तर शोधायला पेटी उघडली. मला ओळखीने कोणी लावलं नव्हतं. सेवायोजन कार्यालयात माझं कार्ड होतं, तिथून नाव गेलं होतं आणि कार्यालयाने मुलाखतीला बोलावलं होतं. मला वाटायचं ते पत्र हरवलं. मुलीच्या जन्माच्या दाखल्यासोबत, त्याच प्लॅस्टिकच्या पिशवीत सापडलं. जावक क्रमांक आहे, तारीख आहे. पत्रात लिहिलंय : "सेवायोजन कार्यालयाकडून प्राप्त यादीतील उमेदवार". टंकलेखन चाचणी झाली होती. सहा जणी होतो, दोघींना घेतलं.

काळा_कोट

ताई, हे पत्र लॅमिनेट करू नका, शाई खराब होते. चार झेरॉक्स काढा आणि मूळ प्रत बँकेच्या लॉकरमध्ये किंवा विश्वासातल्या घरी ठेवा. तेव्हा लागू असलेल्या १९५९ च्या कायद्याप्रमाणे रिक्त जागा सेवायोजन कार्यालयाला कळवाव्या लागायच्या. तिथून नावं मागवली, चाचणी घेतली, निवड केली, म्हणजे मागचं दार हा मुद्दा बराच ढिला होतो. तुमची नेमणूक फार तर अनियमित ठरेल, अवैध म्हणणं त्यांना जड जाईल.

आता खंड. ते म्हणतील, सेवा सलग नाही, दर ८९ दिवसांनी संपत होती. खंडाच्या दिवशी तुम्ही खरोखर घरी होतात का?

जावक_टेबल

बहुतेक वेळा नाही. मस्टरवर सही नसायची एवढंच. पण सर, जावक नोंदवही तर मीच लिहायचे.

काळा_कोट

मग माहितीच्या अधिकारात तीच पानं मागा. अर्जावर १० रुपयांचा कोर्ट फी स्टॅम्प. "माझा खंड का दिला" असा प्रश्न विचारू नका, त्याला उत्तर देत नाहीत. खंडाच्या तारखा ऑर्डरींवरून काढा आणि "अमुक तारखांच्या जावक नोंदवहीच्या पानांच्या साक्षांकित प्रती" एवढंच मागा. त्यांच्याकडे ३० दिवस आहेत.

जावक_टेबल (पाच आठवड्यांनी)

१ तारखेला मी नेहमीसारखी गेले. खुर्ची काढलेली नव्हती. कोणी काही म्हणालं नाही, कारण निवेदनाची प्रत वर गेली होती. एजन्सीच्या यादीतून माझं नाव 'निर्णय प्रलंबित' म्हणून वेगळं ठेवलंय. पगार मात्र अजून निघालेला नाही.

माहिती अधिकारात पानं मिळाली. ३८ पानं, पानाला २ रुपये, ७६ रुपये भरले. काल रात्री मुलीने आणि मी जमिनीवर पसरून तारखा जुळवल्या. एका बाजूला ऑर्डरी, दुसऱ्या बाजूला नोंदवही. जितक्या खंडाच्या तारखा मागितल्या होत्या त्यातल्या २७ तारखांना माझ्या हातच्या नोंदी आहेत. २००९ मधल्या एका खंडाच्या दिवशी अकरा पत्रं गेलीत, अकराही माझ्या अक्षरात. माझा 'श' वेगळा आहे, शाळेत बाई रागवायच्या, तो तसाच आहे. अधिवेशनातली ती रात्रही सापडली. रिक्त पदांच्या तक्त्याचं पत्र, जावक क्रमांकासह. शेरा रकान्यात वेळ लिहायची माझी सवय होती : रात्री १०.३५.

सोमवारी वकिलांकडे जाते आहे. माझ्यासोबत २००४ ला लागलेली दुसरी मैत्रीणही येतेय, तिचंही बोलावणं सापडलं.

काळा_कोट

येताना प्रत्येक पानावर 'सत्यप्रत' शिक्का आणि माहिती अधिकाऱ्याची सही आहे का ते पाहून या. एका पानावर जरी नसेल तरी परत द्या आणि शिक्का मारून घ्या. २७ तारखांचा तक्ता करा, चार रकाने : ऑर्डर संपल्याची तारीख, खंडाची तारीख, त्या दिवशीचे जावक क्रमांक, नवी ऑर्डर. टाइप तुम्हीच करा.